ईरप्पाचा साकू

"बंदूक चांगली का वाईट ते बंदूकच सांगती, आपण मधी तोंड घालायचं न्हाय."

हे ईरप्पा एकदा म्हणाला होता, आणि तेही धन्याला. निर्मला तेव्हा नवी सून होती. चहा घेऊन दुकानाच्या मागच्या खोलीत आली होती. सासऱ्यांना कुणी असं बोलताना तिनं पाहिलं नव्हतं. तिला वाटलं, आता या माणसाचं काही खरं नाही. सासरे हसले आणि चहाची पहिली बशी त्यांनी ईरप्पापुढं सरकवली.

त्याला बत्तीस वर्षं झाली. सासरे गेले, मागोमाग निर्मलाचा नवरा गेला. लक्ष्मीपुरीतल्या त्या बंदुकांच्या दुकानाचा परवाना निर्मलाच्या नावावर आला, पाटीवर मात्र सासऱ्यांचंच नाव राहिलं. आणि मागच्या खोलीत, उत्तरेकडच्या दाराशी, बाकापुढं ईरप्पा राहिला.

ईरप्पा मूळचा निपाणीपलीकडचा. घरात कानडी, बाहेर मराठी, आणि लेथपुढं उभा राहिला की कुठलीच नाही. उद्यमनगरात ऑइल इंजिनांचे सुटे भाग करायचा. सासऱ्यांकडं दुरुस्तीला आलेल्या एका रायफलीत रिकामी पुंगळी ओढून काढणारा आकडा तुटला होता. नवा मागवायचा तर सहा महिने. कुणीतरी ईरप्पाचं नाव सांगितलं. त्यानं एका दुपारीत आकडा घासून दिला आणि देताना म्हणाला, "ह्यो मोडणार न्हाय. पण हेच्या पाठीमागची स्प्रिंग मोडंल. तीबी आत्ताच करून घ्या." सासऱ्यांनी घेतली नाही. महिन्याभरात ती मोडली. सासरे सायकल मारत उद्यमनगरात गेले आणि ईरप्पालाच घेऊन आले.

गळ्यात लिंग, कपाळाला विभूती, डोक्याला पांढरी टोपी, डब्यात भाकरी आणि शेंगाची चटणी. अख्ख्या जन्मात या माणसानं एक गोळी झाडली नाही, अंडं फोडलं नाही. शिकारबंदी तो दुकानात यायच्याही आधीची. पण सासऱ्यांचे जुने दोस्त शिकारीच्या गोष्टी सांगायला जमायचे आणि त्याला डिवचायचे, "ईरप्पा, सशाचं कालवण एकदा चाखलं असतंस तर बंदूक आणखी कळली असती बघ." कानशीवरची नजर न उचलता ईरप्पा विचारायचा, "न्हाव्याला सोताची दाढी असाय लागती व्हय?"

ते दोस्तही आता नाहीत. आता येतात ती दोन तऱ्हेची माणसं. ज्यांच्या उसात रानडुकरं शिरतात आणि जे वनखात्याच्या दारात चपला झिजवून परवानगीचा कागद मिळवतात, ती एक. आणि कागदावरच्या काळ्या गोलावर नेम धरणारी पोरंपोरी, ती दुसरी. दोघांनाही स्वस्तातली आणि चांगली पाहिजे असते. क्वचित एखादा असा येतो की ज्याला रान आणि निशाणा दोन्ही हवं असतं. गेल्या साली पन्हाळ्याखालचा बाळासो आला होता तसा.

"एकच घेणार," बाळासो म्हणाला. "पर दोन्हीला चालली पायजे. रानात डुकराला, आन् सवड घावली की क्लबात निशाणा."

"डुक्कर पळतंय," ईरप्पा म्हणाला. "कागूद पळत न्हाय. पळणाऱ्याला हलकी लागती, खांद्याला झट बसणारी. न पळणाऱ्याला जड, हालणार न्हाय अशी. आता तुमीच सांगा पावणं, जड का हलकी?"

"मधली न्हाय व्हय?"

"हाय की. मधली घेतली की डुक्करबी वाचतंय आन् कागूदबी."

बाळासो इतक्या मोठ्यानं हसला की पुढच्या काचा थरथरल्या. मग ईरप्पानं त्याच्यासाठी एक जुनी, दस्त्यावर ओरखडे असलेली तीनशेपंधरा बोअरची रायफल काढली आणि तिची परीक्षा सुरू केली.

ती परीक्षा निर्मलाला पाठ होती. आधी बोल्ट, म्हणजे नळीमागची सरकती दांडी. मूठ वर, मागं, पुढं, खाली. असं पाच वेळा, डोळे मिटून. मग तांब्या. ईरप्पाच्या बाकावर एक छोटा तांब्या असतो. नव्या माणसाला वाटतं तो पाणी प्यायचा. ईरप्पा तो दोरीनं रिकाम्या बंदुकीच्या चापाला टांगतो आणि चमच्याचमच्यानं पाणी ओततो. किती चमच्यांना चाप सुटतो ते मनात धरतो. सुटला की तांब्यातलं पाणी दाराबाहेर तेलाच्या डब्यात लावलेल्या बेलाला. तो बेल चाळीस वर्षांत किती बंदुकांचं पाणी प्यायला असेल कोण जाणे. पानं मात्र अशी, की सोमवारी शेजारपाजारच्या बायका मागायला येतात.

शेवटी भिंत. दारासमोरच्या बोळातली भिंत ईरप्पा दर दसऱ्याला स्वतः चुन्यानं पांढरी करतो. बोल्ट काढून नळी त्या भिंतीकडं धरायची आणि उजव्या डोळ्यानं आरपार बघायचं. आत उजेडाची वर्तुळं दिसतात, एकात एक, दूरवर लहान होत गेलेली. ईरप्पा त्यांना बांगड्या म्हणतो. बांगड्या गोल असल्या तर नळी सरळ. एखादी चेपलेली दिसली तर नळीला बाक आला, किंवा आत कुठं फुगवटा धरला.

एवढं सगळं झालं की ईरप्पा एकच शब्द बोलायचा. "साकू."

बाळासो गोंधळला. "साकू म्हंजे?"

"म्हणजे पुरे," निर्मलानं पुढून सांगितलं. "तुम्हाला एवढी पुरे हाय. घ्या."

याच्यावरची पदवी ईरप्पाकडं नव्हती. उंची परदेशी रायफल असो नाहीतर चौथ्या हातातली, त्याच्या तोंडून कौतुक म्हणून साकूच निघे. पण त्याचे साकू दोन होते. पोटभर जेवून ताटावरून उठतानाचा एक, आणि कालवा करणाऱ्या पोराला गप बसवतानाचा दुसरा. शब्द तोच, आवाजही तोच. पहिला म्हणताना त्याचा हात बंदुकीवर टेकलेला असायचा, दुसरा म्हणताना हवेत उचललेला. हे फक्त निर्मलाला ठाऊक होतं.

तीन महिन्यांपूर्वी जयसिंगपूरचा एक पाहुणा दुनळी घेऊन परत आला. ईरप्पानं तिच्या बांगड्या गोल सांगितल्या होत्या. निर्मलानं डाव्या नळीत करंगळी घातली, आणि तोंडापासून दोन बोटं आत ती कुठल्याशा खळग्यात उतरली. हा फुगवटा ईरप्पाच्या नजरेतून सुटावा, हे एरवी तिला कुणी शपथेवर सांगितलं असतं तरी खरं वाटलं नसतं. पाहुण्याला तिनं दुसरी बंदूक दिली, ही जुन्या लुगड्यात गुंडाळली, कपाटामागं उभी केली आणि कुणालाच काही बोलली नाही.

त्या दिवसापासून ती बघत राहिली. चमच्यातलं पाणी तांब्याबाहेर सांडत होतं. उचगावातून सायकलवर येणारा ईरप्पा आता सायकल हातात धरून चालत येत होता. विचारलं तर म्हणाला, चेन सैल झालीया. चाळीस वर्षं चेन सैल होऊ न देणारा माणूस! निर्मलानं राजारामपुरीतल्या डोळ्यांच्या डॉक्टरांकडं त्याच्या नावानं नंबर लावला. चिठ्ठी गल्ल्याच्या खणात ठेवली. तारीख टळली, दुसरी घेतली, तीही टळली. चिठ्ठी द्यायची म्हणजे त्याच्या तोंडावर सांगायचं की मामा, तुमचा डोळा गेला. दुकानाचा परवाना तिचा होता, पण दुकानाचा शब्द ईरप्पाचा होता. तो आणखी एकदा चुकला, तर बाक त्याच्याकडून काढून घ्यावं लागणार होतं, आणि ते तिलाच करावं लागणार होतं. ही तिसरी तारीख मंगळवारची होती.

त्याच्या अलीकडच्या शनिवारी दुपारी स्नेहल आली. सोबत वडील पिराजी, हातकणंगले स्टेशनात पॉइंट्समन, आणि नेमबाजी शिकवणारे क्लबचे सम्राट सर. स्नेहल एका लॅबमध्ये रक्त तपासायची, आणि सुटी मिळाली की क्लबच्या रायफलीवर सराव करायची. त्या रायफलीवर चौघींचा हक्क. हिचा खांदा बसतो न बसतो तोवर दुसरीची पाळी. स्वतःच्या रायफलीचा परवाना मिळायला दीड वर्ष गेलं होतं, मग मनाजोगती रायफल शोधण्यात बाकीचे दिवस गेले, आणि आता परवान्यावरची खरेदीची मुदत रविवारी संपत होती.

तिच्या आवाक्यातली एकच होती. पन्हाळ्याच्या एका डॉक्टरांची जुनी, बोल्टची, बावीस बोअरची रायफल. अकरा वर्षं ती त्यांच्या कपाटात पडून होती; डॉक्टर गेल्यावर घरच्यांनी दुकानात विकायला ठेवली होती. अक्रोडाचा काळपट दस्ता, नेम धरायला नळीच्या टोकावर साधी लोखंडी माशी, नखरा काही नाही. क्लबात ज्या चकचकीत रायफली येतात त्यातल्या एकीच्या किमतीत अशा आठ आल्या असत्या.

"अण्णा, हिचं नशीब तुमच्या हातात हाय बघा," पिराजी म्हणाला.

"नशीब न्हाय, बावीस हाय," ईरप्पा म्हणाला आणि रायफल घेतली.

बोल्ट पाच वेळा. डोळे मिटून. पाचव्या वेळी त्याच्या ओठांचा कोपरा जरा हलला. मग तांब्या. पाणी सांडलं, पण चाप सुटला तेव्हा स्नेहलनंच आपल्याशी मोजलेले चमचे बोलून दाखवले. ईरप्पानं मान हलवली. "क्लबातल्यापरास हलका," ती हळूच म्हणाली.

आता भिंत, असं निर्मलाच्या मनात आलं. पण ईरप्पा दाराकडं गेलाच नाही. त्यानं नळी पुसायच्या गजाच्या टोकाला चिंधी गुंडाळली, घट्ट केली आणि नळीतून सावकाश ढकलू लागला. मान खाली, श्वास धरलेला. तोंडाजवळ आल्यावर थांबला. मागं घेतलं. पुन्हा ढकललं. असं तीनदा. दुकानात गोळी झाडून बघता येत नाही. इथं जे काही कळायचं ते डोळ्याला आणि हाताला.

"अण्णा, एक मिनिट. आत बघूया की," सम्राट म्हणाला. त्यानं खिशातून काडीएवढ्या जाडीचा, वायरीचा कॅमेरा काढला, मोबाइलला जोडला आणि नळीत सोडला. पडद्यावर नळीचं आतलं पोट दिसू लागलं, करडं, आट्याआट्यांचं. तोंडाजवळ आल्यावर काळे ठिपके. दाट.

"खड्डे," सम्राट म्हणाला. "देवी आल्यागत झालंय. गंजून आतनं खाल्लीया, काका."

"म्हंजे गेली?" पिराजीनं विचारलं.

"गेलीच. फुकट दिली तरी घेऊ नका."

स्नेहलनं पडद्यावर दोन बोटं ठेवून ठिपके मोठे केले. मोठे झाल्यावरही ते ठिपकेच होते. "सर, वर आल्यालं हाय का खाली गेल्यालं, हे कसं कळायचं?"

"काळं दिसतंय म्हंजे खड्डाच की गं."

तेवढ्यात ईरप्पा बोलला. "साकू."

पिराजीनं मान डोलावली. "ऐकलंस? मिरजेत आठ वर्षं काढल्यात मी, कानडी कळतंय मला. अण्णासुद्धा म्हणालं, बस झालं, पुरे. चल बाळ." कानडी कळल्याचं एक छोटंसं समाधान त्या दुःखातही त्याच्या तोंडावर होतं. स्नेहलनं परवान्याची फाइल उचलली. कागद आत सरळ बसत नव्हते. तिनं ते दोनदा बाहेर काढले, दोनदा आत घातले.

निर्मलानं ईरप्पाच्या हातांकडं पाहिलं. दोन्ही हात गजावर. बंदुकीवर टेकलेला एकही नाही, हवेत उचललेला एकही नाही. कुठला साकू, हे तिलाही कळलं नाही.

ती गप्प राहिली असती तर सगळं सुखरूप होतं. रायफल खपली नसती, शब्द चुकला नसता, बाक राहिलं असतं. बापलेक उंबऱ्यापर्यंत पोचले होते.

"मामा," ती म्हणाली, "कुठला साकू?"

ईरप्पानं तिच्या दिशेनं तोंड वळवलं. "जेवल्यावरचा की, वैनी."

पिराजी पायरीवरच थांबला. सम्राट हसला, पण वाईट नाही. "अण्णा, खड्डे समोर दिसतायत."

"खड्ड्यावर चिंधी सैल पडती. हितं धरतीया. तीनदा बघितलं, तीनदा धरली. खड्डा न्हाय, मळ हाय. डाक्टरनं आतलं शिसं काढलं न्हाय, वरनं ग्रीस भरलं. अकरा वर्सांत दगूड झालाय त्येचा."

"पर तुम्ही आत बघितलं कधी?"

"न्हाय बघितलं." ईरप्पानं गज बाकावर आडवा ठेवला. "बघाय डोळा कुठं हाय? उजव्यात धुकं हाय. आता डाव्यात बी याय लागलंय." खोलीतला दिवा गेलाय, असं सांगावं तसं त्यानं सांगितलं.

"मामा—"

"कपाटामागं दुनळी हाय, वैनी. तुमच्या लुगड्यात. धुऊन धुऊन मऊ झाल्यालं लुगडं, हाताला लागलं. सोडून बोट घातलं तर फुगवटा. त्या दिसापास्नं भिंतीकडं बघायचं सोडलं. आता हातानं बघतो."

निर्मलानं कपाटाकडं पाहिलं. "मग बोलला का न्हाई?"

"तुमी तरी कुठं बोलला?"

बाहेर रिक्षावाल्यांचं भांडण चाललं होतं. ईरप्पा गजावरची चिंधी सोडू लागला.

"डोळ्याच्या डॉक्टरला दाखवूया," निर्मला म्हणाली. "नंबर लावलाय मी."

"कशाला? हात हायत की." त्यानं हात उचलला. "साकू."

हा दुसरा साकू होता. हा पिराजीलाही कळला.

मग दोन तास नुसतं काम. नळी बाकावरच्या व्हाइसच्या जबड्यात, तिच्यात घासलेट आणि ईरप्पाचं कसलंसं पिवळं तेल, पितळी ब्रश मागंपुढं. पहिली चिंधी डांबरासारखी निघाली. सम्राटला क्लबात जायचं होतं, पण तो गेला नाही. आधी हाताची घडी घालून उभा राहिला, मग बॅटरी धरून, मग बाह्या सारून ब्रश ओढू लागला. "सर, जरा दमानं," ईरप्पा म्हणाला, "म्हैस धुताय का बंदूक?" स्नेहल चिंध्या कापून देत होती आणि निघालेल्या चिंध्या एका ओळीत मांडत होती, लॅबमधल्या काचांसारख्या. काळी, काळी, काळपट, करडी. पिराजीनं दोनदा चहा सांगितला आणि दोनदा स्टेशनात फोन करून, रजा वाढवा, घरात अडचण हाय, असं सांगितलं. एका चिंधीवर शिशाची टिकलीएवढी खपली आली. ईरप्पानं ती चिमटीत धरून स्नेहलच्या तळहातावर ठेवली. "ह्यो तुजा खड्डा."

सोळावी चिंधी पांढरी निघाली.

सम्राटनं कॅमेरा पुन्हा आत सोडला. नळीचं पोट लखलखीत होतं. तोंडापर्यंत आटे स्वच्छ वळत गेलेले, ठिपका एक नाही. "आयला," तो म्हणाला. मग कॅमेरा काढून घेतला, नळी पांढऱ्या भिंतीकडं धरली आणि तिच्या मागच्या टोकाला मोबाइल लावून एक फोटो काढला.

"अण्णा, बघा की. तुमच्या बांगड्या."

ईरप्पानं मोबाइल दोन्ही हातांत घेतला. डाव्या डोळ्याजवळ नेला, इतका जवळ की नाक काचेला टेकलं. पडद्यावर उजेडाची वर्तुळं होती, एकात एक, ताटाएवढ्या मोठ्या वर्तुळापासून मोहरीएवढ्या ठिपक्यापर्यंत. त्याचा अंगठा कुठं तरी लागला आणि एकच बांगडी पडदाभर झाली. तो दचकला.

"काका, बोट लागलं की मोठं होतंय," स्नेहल म्हणाली. तिनं ते लहान करून दिलं. ईरप्पानं अंगठा लावून ते पुन्हा मोठं केलं.

कितीतरी वेळ तो तसाच उभा होता. निर्मलानं त्याला भिंतीपुढं असं उभं राहिलेलं हजारदा पाहिलं होतं. तेव्हा तो बघायचा आणि बाजूला व्हायचा. आज त्याला बाजूला होता येत नव्हतं.

तिनं गल्ल्याचा खण उघडला, चिठ्ठी काढली आणि बाकावर तांब्याशेजारी ठेवली. "मंगळवारी सकाळी धाला. मी येतो संगट."

ईरप्पानं मोबाइल सम्राटला परत दिला.

"अण्णा, मग घ्यायची न्हवं?" पिराजी पुढं आला. "एकदा तोंडानं म्हणा की. आता चुकणार न्हाय मी."

सगळे त्याच्या तोंडाकडं बघत राहिले. निर्मलानं रजिस्टर उघडून पेन हातात धरलं होतं. ईरप्पानं रायफलीच्या दस्त्यावर हात टेकवला आणि क्षणभर तसाच ठेवला. निर्मलानं लिहायला सुरुवात केली. स्नेहलनं फाइल उघडली; या वेळी कागद नीट निघाले.

ईरप्पानं तांब्यातलं उरलेलं पाणी बेलाला घातलं. तांब्या पालथा ठेवला. डब्याची पिशवी खांद्याला अडकवली. मग बाकावर चाचपून चिठ्ठी उचलली, तिची चौपदरी घडी घातली, टोपी काढून घडी आत बसवली आणि टोपी डोक्यावर घट्ट केली. बोळातली सायकल स्टँडवरून काढली, एक हात सीटवर आणि एक मुठीवर ठेवला, आणि पांढऱ्या भिंतीच्या कडेकडेनं तो चालत निघून गेला.